लिफ्टवाल्यांचे दोन शब्द

"लेकीच्या लग्नात या वेळी दोन शब्द मी बोलणार आहे," असं नवऱ्याने सूप पिता पिता जाहीर केलं, आणि बाईंच्या हातातला पावाचा तुकडा वाटीत पडून बुडाला.

"तुम्ही?"

"हो."

"बोलणार?"

"हो."

"उभं राहून?"

"बसून बोललो तर मागच्यांना ऐकू जाणार नाही."

बाईंनी चमचा खाली ठेवला. या घरात असली उत्तरं देण्याचं खातं त्यांच्याकडे होतं. नवऱ्याने त्यात परस्पर हात घातला होता.

बाई एका मोठ्या लाँड्रीच्या काउंटरवर काम करायच्या. गिऱ्हाइकं त्यांना 'बाई' म्हणायची आणि माहेरची माणसं 'कात्री'. जीभ तशीच होती. खानदानात कुणाचंही लग्न असो, रजिस्ट्रारपुढे सह्या झाल्या, हॉलमध्ये जेवणं उरकली, की कुणीतरी ग्लासवर चमचा वाजवायचं आणि सगळ्यांच्या माना बाईंकडे वळायच्या. मग बाई उठायच्या, पदर सारखा करायच्या आणि नवराबायको या विषयावर लोकांना पोट धरून हसायला लावायच्या. या विनोदांसाठी कच्चा माल एकच होता, त्यांचा नवरा.

नवरा लिफ्ट दुरुस्त करायचा. सगळे त्यांना लिफ्टवालेच म्हणायचे. उंच, सावकाश, अबोल माणूस. "आमचे हे दिवसभर लोकांना वर पाठवतात," बाई सांगायच्या, "आणि तरी पोलीस येत नाहीत." किंवा, "लग्नाआधी यांनी मला विचारलं होतं, आयुष्यभर माझ्याशी बोलशील का? मला वाटलं, प्रेम आहे. नंतर कळलं, कामाची वाटणी होती." हॉल हसून कोसळायचा. लिफ्टवाले कोपऱ्यातल्या खुर्चीवर बसून आइस्क्रीमची वाटी खरवडत अर्धवट हसायचे. अठ्ठावीस वर्षं असंच चाललं होतं.

आणि आता हा माणूस स्वतःच्या लेकीच्या लग्नात माइक मागत होता.

"पण अचानक का?" बाईंनी विचारलं.

"वाटलं," लिफ्टवाले म्हणाले आणि वाटी धुवायला निघून गेले.

दुसऱ्या दिवशी काउंटरवर बसल्या बसल्या बाईंनी त्या 'वाटलं'चा बारकाईने विचार केला. यांना आजवर कधी काही वाटलं नव्हतं. सिनेमा कसा वाटला विचारलं तर 'लांब' म्हणणारा माणूस. दुसरी एखादी बाई? ती शंका त्यांनी एका मिनिटात झटकली. दुसरी बाई असती तर परवडलं असतं. तिचा समाचार घ्यायला बाई समर्थ होत्या. हे प्रकरण त्याहून वाईट दिसत होतं. अठ्ठावीस वर्षं आपल्यावरचे विनोद निमूट ऐकून घेतलेल्या माणसाकडे साठा किती झाला असेल? आणि तो साठा बाहेर काढायला लेकीच्या लग्नाइतकी भरगच्च जागा दुसरी कुठली?

"सूड," बाई पुटपुटल्या.

"तो डाग निघेल ना?" समोरच्या गिऱ्हाइकाने विचारलं.

"डाग निघेल हो," बाई म्हणाल्या, "माणूस कसा निघेल ते बघायचंय."

लाँड्रीत काम करणाऱ्या माणसापासून एक गोष्ट लपवणं कठीण असतं, ती म्हणजे आपण कुठे जाऊन आलो. लिफ्टवाल्यांचे निळे डगले दर आठवड्याला बाईंच्याच दुकानात धुवायला पडायचे. त्यावर ग्रीसचे डाग असायचे, बस. पण त्या आठवड्यात पाठीवर लांब, पिवळट केस निघाले. बाईंनी एक केस उजेडात धरला. मांजराचा होता. आणि असं केसाळ जनावर त्यांच्या ओळखीत एकच होतं, थोरल्या बहिणीचा बोका.

त्यांनी तिथूनच फोन लावला.

"ताई, हे तुझ्याकडे आले होते?"

"कोण हे?" ताईने विचारलं. आवाज नको तितका निरागस होता.

"माझा नवरा."

"छे गं. ते कशाला येतील?"

"मग यांच्या डगल्यावर तुझ्या बोक्याचे केस कसे?"

मग ताई म्हणाली, "बोका हल्ली फार फिरतो." आणि फोन ठेवता ठेवता तिला हसू फुटलेलं बाईंनी स्वच्छ ऐकलं.

स्वतःच्या लग्नाच्या सकाळी बाईंनी केस कुरळे करायचा घाट घातला होता, आणि कपाळावरची बट तापलेल्या चिमट्यात जळून हातात आली होती. ताईने पिना लावून, फूल खोचून वेळ निभावून नेली होती. ही गोष्ट त्या दोघींशिवाय कुणाला ठाऊक नव्हती. म्हणजे आजवर तरी.

पुढच्या डगल्याच्या कोपरांवर विटांची लाल धूळ होती. धाकटा भाऊ घरं बांधायचा. बाई गाडी चालवण्याच्या परीक्षेत नापास कशा झाल्या, हे त्याला पक्कं माहीत होतं. परीक्षकाची स्वतःची, बाजूला उभी केलेली स्कूटर त्यांनी आडवी केली होती. त्यानंतरच्या डगल्याच्या बाहीवर मैदा. हा बेकरीवाल्या मैत्रिणीकडचा. बाईंच्या लग्नाच्या केकवरचा साखरेचा नवरदेव समारंभाच्या आधीच कुणी खाल्ला, हे तिला माहीत होतं, कारण तिने बाईंच्या दातांत त्याची टोपी पाहिली होती.

एकेक साक्षीदार गाठला जात होता. कुठेतरी पाणी मुरत होतं आणि ते बरोबर बाईंच्या पायाखाली.

घरीही लक्षणं ठीक नव्हती. लिफ्टवाले न्हाणीघरात स्वतःशीच बोलायचे, आणि बाईंनी दाराला कान लावला की नळ सोडायचे. एकदा जेवता जेवता ते मध्येच हसले.

"काय झालं?" बाईंनी लगेच विचारलं.

"काही नाही. ठसका लागला."

"ठसका लागला की माणूस खोकतो."

"हो का?" असं म्हणून ते रीतसर खोकले.

लेक चष्म्याच्या दुकानात कामाला होती. बाईंनी तिला टेबलावरच्या रुमालांच्या घड्या करायला बसवलं आणि सहज विचारल्यासारखं विचारलं, "बाबा काय बोलणार आहेत गं?"

"मला काय माहीत?" लेक म्हणाली. उत्तर इतक्या लवकर आलं की प्रश्न अजून संपायचा होता.

"तुला काहीच सांगितलं नाही?"

"आई, या वेळी तू आरामात बस ना. सगळ्यांच्या लग्नांत तूच राबतेस."

बाईंनी लेकीकडे रोखून पाहिलं. आराम हा शब्द त्यांच्या घरात फक्त ताप आल्यावर वापरला जायचा. लेकीने खाली मान घालून आधीच घडी केलेला रुमाल उलगडला आणि पुन्हा त्याची घडी घातली. म्हणजे हिलाही आत घेतलंय, बाई मनात म्हणाल्या. सगळं घर फितूर आहे.

त्यांनी प्रतिकाराची तयारी सुरू केली. इस्त्रीच्या मागे उभ्या राहून त्या उत्तरं घोळवायच्या. ते बटेबद्दल बोलले तर आपण त्यांच्या टकलाबद्दल बोलायचं. स्कूटरचा विषय निघाला तर त्यांनी मधुचंद्राला सोबत पाना नेला होता तो काढायचा. दुकानातल्या इस्त्रीवाल्याने दोनदा पाहिलं की बाई कॉलरला दरडावतायत, आणि तो आपला गठ्ठा घेऊन पलीकडच्या टेबलावर गेला.

पण समोरच्याकडे नेमका कोणता माल आहे हे कळल्याशिवाय तयारीला अर्थ नव्हता. लग्नाच्या आदल्या आठवड्यात बाईंनी अर्ध्या दिवसाची रजा टाकली आणि नवऱ्याचा पाठलाग केला.

पाठलाग करायला लिफ्टवाले फार सोपे होते. मागे वळून बघायची त्यांना सवय नव्हती. हातात हत्यारांची पेटी घेऊन ते सरळ चालत एका ऑफिसांच्या उंच इमारतीत शिरले. तिथल्या लिफ्टच्या दारावर त्यांनी 'दुरुस्ती चालू आहे' अशी पाटी लटकवली, आत गेले आणि दार लावून घेतलं. बाई खांबाआड उभ्या राहिल्या. लिफ्ट वर गेली. खाली आली. पुन्हा वर गेली. दुरुस्तीचा आवाज म्हणावा तर एक नाही. उलट भिंतीआडून, विहिरीतून यावा तसा घुमणारा आवाज येत होता.

"...माझी बायको..." आवाज वर गेला.

बाईंनी भिंतीला कान लावला.

"...अठ्ठावीस वर्षं..." आवाज खाली आला आणि पुढचं सगळं मोटारीच्या घरघरीत बुडालं.

आता मात्र बाईंच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. त्यांनी लिफ्टचं बटण दाबलं, दाबूनच धरलं. दार उघडलं. आत लिफ्टवाले आरशाकडे तोंड करून उभे होते. हातात पक्कड होती आणि ती त्यांनी माइकसारखी ओठांजवळ धरली होती. आरशातच त्यांना बायको दिसली.

"अगं," ते म्हणाले, पकडीतच.

बाई आत शिरल्या. दार बंद झालं, लिफ्ट वर निघाली, आणि बाईंनी समोर दिसलं ते लाल बटण तळहाताने दाबलं. धक्का बसून लिफ्ट थांबली.

"आता बोला," त्या म्हणाल्या. "बोलल्याशिवाय ही हलणार नाही."

लिफ्टवाल्यांनी बटणाकडे पाहिलं. "ती बोलल्यावरही हलणार नाही. हे दाबलं की वरच्या मशीनच्या खोलीत जाऊन चालू करावी लागते."

"मग करा."

"मी इथे आहे ना."

त्यांनी कामावरच्या जोडीदाराला फोन केला. तो दुसऱ्या इमारतीत होता, यायला वेळ लागणार होता. लिफ्टवाल्यांनी पेटी आडवी करून बायकोला बसायला दिली. बाई बसल्या नाहीत.

"मी सगळं ओळखलंय," त्या म्हणाल्या. "ताईकडे गेलात. भावाकडे गेलात. बेकरीत गेलात. माझी लक्तरं गोळा करताय आणि लग्नात वेशीवर टांगणार आहात. अठ्ठावीस वर्षांचा वचपा."

लिफ्टवाल्यांच्या चेहऱ्यावर खरंखुरं आश्चर्य उमटलं. "लक्तरं? मी बोलायचं कसं ते विचारायला गेलो होतो. मला कुठे येतं? ताई म्हणाल्या, हात खिशात घालू नका. तुझा भाऊ म्हणाला, आधी श्वास घ्या. बेकरीवाली म्हणाली, भरल्या पोटी उभे राहू नका."

"एवढंच?"

"एवढंच."

"आणि बटेचं?"

"कसल्या बटेचं?"

बाईंनी जीभ चावली. "काही नाही."

"जळलेली होय?" लिफ्टवाले म्हणाले. "ती मला तेव्हाच दिसली होती. सह्या करताना फूल सरकलं होतं."

"मग कधी बोलला का नाहीत?"

"तू विचारलं नाहीस."

बाई पेटीवर बसल्या. थोड्या वेळाने त्यांनी विचारलं, पण या वेळी आवाजातली धार जरा कमी होती, "मग हे सगळं कशासाठी? ज्याला बोलता येत नाही त्याने बोलायचा हट्ट का धरायचा?"

लिफ्टवाल्यांनी पक्कड खिशात ठेवली, काढली, पुन्हा ठेवली.

"पोरीने सांगितलं," ते शेवटी म्हणाले.

"काय सांगितलं?"

"की तू बोलू नयेस."

वरच्या कुठल्यातरी मजल्यावर कुणी दार आपटलं. लिफ्टवाल्यांना बोलत राहावं लागलं.

"जावयाचे आईवडील दोघंही येणार आहेत. वेगळे झाल्यापासून दोघं पहिल्यांदा एका खोलीत. ती आई येऊ की नको करत होती. पोरगा आधीच टेकीला आलाय. आणि त्या दिवशी तो जेवायला आला होता, तेव्हा तू म्हणालीस ना..."

बाईंना आठवलं. होणारा जावई दातांच्या कवळ्या बनवायचा. त्याची आई पोहायला शिकवायची आणि वडील गाडी चालवायला. बाई म्हणाल्या होत्या, 'एक पाण्यात शिकवते, एक रस्त्यावर शिकवतो, आणि एकमेकांचं ऐकायला दोघांपैकी कुणीच शिकलं नाही.'

"तो विनोद होता," बाई म्हणाल्या.

"चांगला होता. मी स्वयंपाकघरात जाऊन हसून आलो. पण तो हसला नाही."

"तो घास चावत होता."

"अगं, सूप होतं."

"मला का नाही सांगितलं तिने?" बाईंनी विचारलं.

"तुला लागेल म्हणून. रडत होती. मी म्हटलं, तू काही सांगू नकोस, मलाच बोलायचंय असं मी सांगतो. म्हणजे आई माझ्यावर चिडेल. मला सवय आहे."

बाई गप्प झाल्या. हे गप्प बसणं लिफ्टवाल्यांना नवीन होतं. पगार अडकला, छत गळलं, सासूबाई गेल्या, प्रत्येक वेळी बाई काही ना काही बोलल्या होत्या. आता त्या पेटीवर बसून आपल्या चपलांकडे बघत होत्या. लिफ्ट अडकण्याची लिफ्टवाल्यांना अजिबात भीती नव्हती, पण या शांततेची वाटली.

"अगं, काहीतरी बोल."

"तुमचं नेहमी असंच असतं का?" बाईंनी विचारलं. "आतल्या आत?"

तेवढ्यात बाहेरून पहारेकऱ्याने दार ठोठावलं. "आत कोण आहे? अडकलात का?"

"नाही!" बाई ओरडल्या. "आमचं बोलणं चाललंय!"

लग्नाच्या दिवशी सकाळी सह्या झाल्या आणि दुपारी सगळी मंडळी जेवायला हॉलमध्ये जमली. जावयाची आई खिडकीजवळच्या टेबलावर बसली होती, ताठ, पाण्यात उडी मारायच्या आधी बसावं तशी. वडील दाराजवळच्या टेबलावर होते, कधीही निघता येईल अशा बेताने. मधल्या टेबलांवर बसलेले लोक एकदा इकडे आणि एकदा तिकडे बघून हळू आवाजात जेवत होते. चमच्यांचा आवाजही जपून येत होता.

बाईंनी लेकीला काहीही विचारलं नव्हतं, काहीही सांगितलं नव्हतं. फक्त सकाळी तिचे केस विंचरताना म्हणाल्या होत्या, "आज मी जेवायला आलेय. फक्त जेवायला." लेकीने आरशातून त्यांच्याकडे पाहिलं, तेव्हा त्या पिना शोधत होत्या.

ग्लासवर चमचा वाजला. सवयीने सगळ्यांच्या माना बाईंकडे वळल्या. बाईंनी पावाचा मोठा तुकडा तोंडात कोंबला आणि नवऱ्याकडे बोट दाखवलं.

लिफ्टवाले उठले. कोट त्यांना खांद्यात आखूड होत होता. त्यांनी हात खिशात घातले, लगेच बाहेर काढले. मग माइकजवळ जाऊन श्वास घेतला, तो असा की हॉलमध्ये वादळ शिरल्यासारखं वाटलं. दोन म्हाताऱ्या दचकल्या.

"मंडळी," ते म्हणाले. "माझी बायको..."

आणि थांबले.

लोक वाट बघू लागले. लिफ्टवाले छताकडे बघू लागले. "माझी बायको," ते पुन्हा म्हणाले, आणि पुन्हा तिथेच आले. कुणाच्या तरी खुर्चीचा पाय करकरला. जावयाच्या आईने पर्स मांडीवर घेतली. दाराजवळ वडिलांनी घड्याळात पाहिलं. बाईंच्या तोंडातला पाव फुगत चालला होता आणि तो त्यांनी निर्धाराने चावत ठेवला. त्यांना एक सोडून अनेक वाक्यं सुचत होती, दातांमागे ओळीने उभी होती, पण त्या टेबलक्लॉथवरच्या सुरकुतीकडे बघत राहिल्या.

"आई!"

लेकीने मारलेली हाक सगळ्या हॉलला ऐकू गेली. बाईंनी वर पाहिलं. लेक उभी राहिली होती. तिचे डोळे भरलेले होते, पण ओठ हसायच्या बेतात होते.

"आई, बाबा अडकलेत."

बाईंनी घास गिळला.

"कितव्या मजल्यावर?" त्यांनी जागेवरूनच विचारलं.

हॉलमध्ये बारीकशी खसखस पिकली. लिफ्टवाल्यांनी छतावरची नजर खाली आणली.

"दोनच्या वर," ते म्हणाले. "तीनच्या खाली."

"दार उघडतंय का?"

"उघडतंय. समोर भिंत आहे."

आता लोक मोकळेपणी हसले. बाई उठून उभ्या राहिल्या. "आत कोण कोण आहे?"

"मी," लिफ्टवाले म्हणाले. आणि जरा विचार करून, "आणि तू."

"मग?"

"मग मला काही घाई नाही."

ताईने रुमाल शोधायला सुरुवात केली. बाईंच्या चेहऱ्यावर काहीतरी येऊन गेलं, आणि ते कुणी बघायच्या आत त्यांनी हॉलकडे तोंड केलं.

"बघितलंत ना? अठ्ठावीस वर्षांत पहिल्यांदा गोड बोलले, तेही दीडशे माणसं साक्षीला बोलावून. घरी बोलले असते तर मी आधी डॉक्टरला फोन केला असता."

"म्हणून तर घरी बोललो नाही," लिफ्टवाले माइकमध्ये म्हणाले.

हॉल खदखदा हसला. दाराजवळून एक जाडसर, फुटकं हसू आलं. ते जावयाच्या वडिलांचं होतं आणि त्यांच्याकडून ते नकळत निसटलं होतं. ते ऐकून खिडकीजवळ बसलेल्या जावयाच्या आईने मान वर केली. आणि कुणाकडेही न बघता, पण सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात ती म्हणाली, "आमचे हे अडकले असते तर आधी हॉर्न वाजवला असता."

जावई जागच्या जागी गोठला. लेकीने त्याचा हात धरला.

"आणि तू म्हणाली असतीस," वडील दारातून म्हणाले, "पाय मारा, पाय मारा."

क्षणभर काय होणार ते कुणालाच कळेना. मग जावयाच्या आईला हसू आलं. आधी तिने ते पर्सच्या आड दाबून पाहिलं, जमलं नाही, आणि ती खांदे हलवत हसत सुटली. जावयाने टेबलावर डोकं टेकवलं. तो हसतोय की रडतोय हे बघायला लेक खाली वाकली आणि तीही तिथेच राहिली.

लिफ्टवाल्यांना आता बोलायला सुचलं. "पोरांनो," ते म्हणाले, "लिफ्ट कधीतरी अडकतेच. माझं पोटच त्यावर आहे. अडकली की उड्या मारू नका. आणि दोघांनी एकदम सगळी बटणं दाबू नका."

"आणि लाल बटण कुणी दाबलं," बाई म्हणाल्या, "यावर चर्चा नको."

"ही म्हणते तर नको," लिफ्टवाले म्हणाले आणि खाली बसले.

नंतर आइस्क्रीम आलं. जावयाचे आईवडील काही एका टेबलावर आले नाहीत, पण वडिलांनी वेटरच्या हाती खिडकीकडे एक वाटी पाठवली आणि ती परत आली नाही. लेक बाईंजवळ आली, त्यांच्या खांद्यावर हनुवटी टेकून उभी राहिली. "आई, मला तुला काहीतरी सांगायचं होतं," ती म्हणाली.

"आज नको," बाई म्हणाल्या. "आज मी फॉर्मात आहे. हसून वाया घालवीन."

लेक तशीच थोडा वेळ उभी राहिली. बाईंनी तिच्या गालावर हात ठेवला आणि बराच वेळ काढला नाही.

निघताना ताई भेटली. तिचे डोळे अजून लाल होते. "पण काय गं," ती म्हणाली, "तुझे हे विसरले कसे? माझ्याकडे तर सगळं घडाघडा म्हणून दाखवलं होतं. एक शब्द चुकला नव्हता."

बाई थांबल्या. "एकही नाही?"

"एकही नाही. मी म्हटलंसुद्धा, तुम्ही तर कात्रीच्या वरताण निघालात."

घरी जायला बसमध्ये दोघांना खिडकीची बाजू मिळाली. लिफ्टवाल्यांच्या मांडीवर उरलेल्या केकचा खोका होता आणि ते तो दोन्ही हातांनी सांभाळत बसले होते. बाईंनी पहिला थांबा जाऊ दिला.

"तुम्ही खरंच विसरलात?"

"लोक फार होते," लिफ्टवाले म्हणाले. "घाबरलो."

"घाबरलेल्या माणसाने आइस्क्रीम तीनदा घेतलं."

"घशाला कोरड पडली होती."

"ताई म्हणते, तिच्याकडे तुम्ही एका दमात म्हणून दाखवलंत."

"तिथे श्वास घ्यायचा राहिला असेल."

"आणि नेमके तिथेच अडकलात? 'माझी बायको' म्हणून? सगळे माझ्याकडे बघतील अशा जागी?"

लिफ्टवाले खिडकीबाहेर बघायला लागले. बाहेर बघण्यासारखं काही नव्हतं, एका गोदामाची लांबलचक भिंत होती. बाईंना त्यांच्या बाजूने नवऱ्याचा फक्त एक कान दिसत होता, आणि नुसत्या कानावरून माणूस हसतोय की नाही ते सांगता येत नाही. त्यांनी जरा पुढे झुकून पाहिलं. ते आणखी थोडे वळले.

समोरची, उलट्या तोंडाची सीट रिकामी होती. बाई उठल्या, चालत्या बसमध्ये दांड्याला धरून तोल सावरला आणि बरोबर त्यांच्या समोर जाऊन बसल्या.